मदत हवी आहे: जामिनकीपायी घर-कुळागराचा लिलाव झाला, कायम होण्याआधी (विक्रीला शेवटची मंजुरी मिळण्याआधी) काय करता येईल? (फोंडा, गोवा)

पोफळ

नमस्कार. फोंडा तालुक्यात आमचं जुनं घर आणि मागे साडेपाच हजार चौरस मीटरचं कुळागर आहे. पोफळी, मिरवेली, थोडी केळी. गेल्या आठवड्यात या सगळ्याचा लिलाव झाला. कर्ज आमचं नव्हतं.

२०१५ साली बाबा शेजाऱ्याला एका पतसंस्थेत जामीन राहिले. कर्ज ६ लाखांचं. शेजाऱ्याचा धंदा बसला आणि तो गाव सोडून गेला. बाबा २०१९ मध्ये चवथीच्या आधी वारले. पुढे नॉमिनीसमोर (सहकार रजिस्ट्रारने वाद ऐकायला नेमलेला माणूस) निवाडा झाला, त्यात प्रतिवादी म्हणून बाबांचं नाव आणि पुढे 'गैरहजर' असा शेरा आहे. तो वाचून आई बराच वेळ काही बोललीच नाही. नोटिसा बाबांच्या नावाने यायच्या आणि ती पोस्टमनला 'ते नाहीत' म्हणून परत पाठवायची. हे तिने मला परवा सांगितलं. मी कामासाठी वेर्ण्याला असतो, रात्रीच घरी येतो.

लिलावाची जाहीर नोटीस दाराला खळीने चिकटवली होती. आईने ती ओल्या फडक्याने सोडवून, वाळवून देवघरात ठेवली, म्हणून निदान कागद शाबूत आहे. त्यात चतुःसीमा चुकीची आहे. 'पूर्वेस ओहळ' लिहिलंय, आमचा ओहळ पश्चिमेला आहे. शिंपण्याचा पाट तिथूनच येतो. येणं व्याजासकट १४ लाख दाखवलंय आणि सगळं मिळून १७ लाखांना गेलं. एवढ्यात आमच्याकडे नुसती घराची जागा येत नाही.

एक-चौदावर (जमिनीच्या उताऱ्यावर) अजून आजोबांचं नाव आहे. इन्व्हेंटरी, म्हणजे वारसांमधली कायदेशीर वाटणी, झालेली नाही. दोन आत्या हयात आहेत, त्यांचाही हक्क आहे. आईने जामीनपत्रावर सही केलेली नाही.

पतसंस्थेने आधी कर्जदाराला धरायला नको होतं का? व्हॉट्सअॅपवर कोणी कलम १५४ पाठवलंय, निम्मे पैसे भरल्याशिवाय दादच मागता येत नाही म्हणे. इतके पैसे आमच्याकडे नाहीत. आई रोज पहाटे उठून कुळागरात जाऊन बसते. कृपया कोणाला माहिती असेल तर सांगा.

कोर्टाचीपायरी

भाऊ, आधी ते कलम १५४ डोक्यातून काढा. वसुली दाखल्याविरुद्ध फेरतपासणी मागताना निम्मी रक्कम भरण्याची अट महाराष्ट्राच्या १९६० च्या कायद्यातली आहे. तो पूर्वी गोव्यातही लागू होता, म्हणून जुने लोक अजून तीच कलमं सांगतात. आता गोव्याचा स्वतंत्र सहकारी संस्था कायदा आहे, २००१ चा, आणि नियम २००३ चे. मुदतही त्यातलीच बघा. महाराष्ट्रात नियम १०७ खाली लिलाव रद्द करण्याचा अर्ज ३० दिवसांत करावा लागतो. तुमची मुदत याहून मोठी असेल असं धरून बसू नका. डीआरटीचाही (कर्जवसुली न्यायाधिकरणाचा) रस्ता नाही. तिथे सर्फेसी या बँकांच्या कर्जवसुलीच्या कायद्याखाली जाता येतं. तो सहकारी बँकांना लागू आहे, २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने तसं सांगितलं, पण पतसंस्था ही बँक नव्हे.

आधी कर्जदाराला धरा, हा मुद्दा टिकणार नाही. करार कायद्याच्या कलम १२८ नुसार जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते, धनको थेट त्याच्याकडे येऊ शकतो. तिथे शक्ती घालवू नका.

खरा प्रश्न एकच: दावा दाखल झाला त्या तारखेला बाबा हयात होते का? मयत माणसाविरुद्ध दाखल केलेला दावा आणि त्यावरचा निवाडा मुळातच शून्य. दाव्यानंतर वारले असतील तर वारसांना रेकॉर्डवर आणलं का, हे बघावं लागेल. दोन्ही गोष्टी फाइलवरून कळतील. सहकारी संस्थांच्या सहायक रजिस्ट्रारच्या ऑफिसात अर्ज करून संपूर्ण फाइलच्या प्रमाणित प्रती घ्या. तोंडी माहितीवर परत येऊ नका.

दुसरं आईचं. विवाहपूर्व करार नसेल तर पोर्तुगीज नागरी संहितेप्रमाणे गोव्यात नवरा-बायकोची मालमत्ता सामाईक, अर्धी तिची. ती सही नसताना नवऱ्याने एकट्याने घेतलेल्या जामिनकीपोटी तिचा अर्धा हिस्सा विकता येत नाही, असं ठामपणे मांडता येतं. सिव्हिल रजिस्ट्रेशनमधून लग्नाच्या नोंदीचा उतारा काढा. इन्व्हेंटरी झाली नसेल तर बाबांकडे फक्त अविभक्त हिस्सा होता. घर आणि कुळागर अख्खं विकायचा अधिकार कोणाला मिळाला? आत्यांनी स्वतंत्र हरकत घ्यावी, तुमच्या अर्जात सही करून थांबू नये.

चुकीची चतुःसीमा आणि कमी किंमत हेही घाला. पण नुसती चूक दाखवून भागत नाही, त्या चुकीमुळे नुकसान झालं हे दाखवावं लागतं. ज्याला ओहळ कुठे आहे ते कळत नाही तो पाण्याच्या जमिनीला बोली कशी लावणार, हे वकिलाला नीट समजावून सांगा. गरजेपुरताच भाग विकायचा, हे तत्त्व दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१, नियम ६४ मध्ये आहे. त्याचाही आधार घ्या.

लिलाव कायम करू नये असा लेखी अर्ज आजच द्या आणि पोच घ्या. दाद मिळाली नाही तर पर्वरीला उच्च न्यायालयात रिट. त्यात लिलाव घेणाऱ्यालाही पक्षकार करा, नाहीतर तो नंतर उभा राहतो.

मडगांवची_ताई

पैसे नाहीत म्हणालात, म्हणून वकिलाच्या फीबद्दल सांगते. विधी सेवा कायदा १९८७, कलम १२. बाईमाणसाला उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. अर्ज आईच्या नावाने करा. माझ्या जावेला असाच मिळाला होता, आणि वकीलबाई चांगल्या होत्या.

पोफळ

सगळ्यांचे मनापासून आभार. काल फाइल बघितली. दावा दाखल झाल्याचा शिक्का फेब्रुवारी २०२० चा आहे. बाबा ऑगस्ट २०१९ मध्ये गेले. मृत्यूचा दाखला जोडून हरकतीचा अर्ज दिला, पोच घेतली. दोन्ही आत्यांनी आपापले अर्ज वेगळे दिले. धाकटी डिचोलीहून पहाटेच्या बसने आली. विधी सेवेचा फॉर्म आईने आज भरला. लिलाव अजून कायम झालेला नाही. रिटसाठी वकिलांकडे सोमवारी जायचं आहे, तोवर लग्नाच्या नोंदीचा उतारा हातात यायला हवा. तो लवकर मिळवण्याची काही वाट असेल तर सांगा.