अनुभव धागा : आता कोणीही न पोहणारे तलाव

जुन्या प्रासादांत जतन करून ठेवलेला एखादा पोहण्याचा तलाव आपण पाहिला असल्यास तेथे काय दिसले ते सविस्तर लिहावे. सुरुवात मीच करतो.

२०१६ साली आईवडिलांना घेऊन कॅलिफोर्नियातील सॅन सिमिऑनचा हर्स्ट कॅसल पाहायला गेलो. वृत्तपत्रसम्राट विल्यम रँडॉल्फ हर्स्ट यांच्यासाठी वास्तुविशारद ज्युलिया मॉर्गन यांनी उभारलेला नेपच्यून तलाव पाहायचा म्हणून टेकडी चढलो आणि तो कोरडा निघाला. गळती आणि दुष्काळ यांमुळे २०१४ मध्येच तो रिकामा केला होता. हिरमोड झाला खरा, परंतु सुमारे १३ लाख लिटर पाणी जागेवर नसल्यामुळेच साडेतीन फुटांपासून दहा फुटांपर्यंत उतरत गेलेला संगमरवरी तळ आणि त्यावरील गडद पट्ट्यांची नक्षी नीट न्याहाळता आली. आई म्हणाली, "आपली विहीर गाळ काढायला उपसली की अशीच दिसायची." मालकाच्या मनास येईना म्हणून हा तलाव १९२४ ते १९३६ या काळात तीन वेळा नव्याने घडवला गेला, हे ऐकून बाबांनी मात्र कपाळाला हात लावला.

– सॅन होजे

२०१८ मध्ये दुरुस्तीनंतर तलाव पुन्हा भरला, त्यानंतरच्या वर्षी आम्ही गेलो. नेपच्यून सुंदर आहेच. तरीही माझे मत त्याच वास्तूतील बंदिस्त रोमन तलावाला आहे. टेनिसच्या मैदानांखाली असलेल्या या दालनात निळ्या आणि सोनेरी काचेच्या बारीक तुकड्यांचे जडावकाम भिंतींवरून थेट पाण्याखाली उतरते, आणि पाणी इतके निश्चल असते की भिंत कोठे संपली व प्रतिबिंब कोठे सुरू झाले, हे काठावर उभे राहूनही सांगता येत नाही. इटलीतील राव्हेना येथील, रोमन सम्राज्ञी गाला प्लासिडियाच्या समाधिमंदिरावरून ही कल्पना सुचली, असे म्हणतात.

– फ्रीमाँट

आम्ही पाहिला तो नॉर्थ कॅरोलिनातील बिल्टमोर प्रासादाच्या तळघरातला, १८९५ सालचा. पांढऱ्या फरशांचा हा हौद कायम रिकामाच असतो आणि थोडा भयाणही वाटतो. पोहता न येणाऱ्या पाहुण्यांना धरता यावे म्हणून कडेने दोर लावलेले आहेत. मला स्वतःला पोहता येत नाही, त्यामुळे सव्वाशे वर्षांपूर्वीच्या त्या पाहुण्यांविषयी मला उगाचच आपुलकी वाटली.

– शार्लट