'पिकेनु आल्मोसु' म्हणजे नाष्टा का जेवण?

पेठेतला_गडी: भावांनो, क्लायंट लिस्बनचा हाय, म्हणून ॲपवर पोर्तुगीज शिकायलोय. त्यात आल्मोसु म्हणजे दुपारचं जेवण असं शिकलो. परवा त्यानं लिहिलं पिकेनु आल्मोसु झाल्यावर कॉल करू, पिकेनु म्हणजे लहान, मला वाटलं दुपारी हलकं जेवून बोलणार असेल, तर मी निवांत मटण भाकरी हाणून तासभर झोपलो आणि उठून बघतोय तर सात मिस्ड कॉल!

रंकाळाकाठ: 😂 पोर्तुगालात पिकेनु आल्मोसु म्हणजे सकाळचा नाष्टा. त्यांचे सकाळचे नऊ म्हणजे तिकडच्या उन्हाळ्यात आपले दुपारचे दीड, हिवाळ्यात अडीच. तुझं ॲप ब्राझीलचं असणार, तिकडं नाष्ट्याला 'काफे दा मान्यां' म्हणतात, सकाळची कॉफी. अंगोला-मोझांबिकात तर 'माताबिशु', म्हणजे किडा मारणे, आपण पोटात कावळे ओरडायलेत म्हणतो तसलंच.

गडहिंग्लजकर: गंमत अशी की आल्मोसु पूर्वी सकाळचंच खाणं होतं. मूळ लॅटिन, चावा घेणे ह्या अर्थाच्या धातूवरनं आलाय, सुरुवातीचा 'आल्' मात्र अरबी वळणाचा, कापसाच्या 'आल्गोदांव'मधे असतो तसा. आणि रात्रीच्या जेवणाला ते 'जांतार' म्हणतात, त्याचं लॅटिन मूळ नाष्टा करणे! आधी जांतार दिवसा व्हायचं, मग जेवणाच्या वेळा पुढं सरकत गेल्या तसे शब्दपण सरकले, सकाळची जागा मोकळी झाली म्हणून तिथं 'लहान आल्मोसु' आणून बसवला, फ्रेंचांच्या 'पती देज्यने'सारखा.
आणि हसू नका, आपली न्याहारी घ्या. शेतात नऊ-दहाला भाकरी सोडायची ती न्याहारी, पण इराणात आज 'नाहार' म्हणजे दुपारचं जेवण. तिथं कुणी बोलावलं तर सकाळी जाऊन दारात उभा राहशील.

मिसळ_फुल्ल: पाव पण पोर्तुगीजच न्हवं? म्हणूनच आपण मिसळीबरोबर ब्रेड खातो 😎

गडहिंग्लजकर: व्हय, 'पांव'वरनं पाव. पण लई हवा करू नका, मिसळीतला बटाटापण तिकडचाच शब्द, आणि आमच्या चंदगडचा काजूसुद्धा.

पेठेतला_गडी: पगारपण पोर्तुगीज म्हणे, तेवढा ऱ्हावू दे म्हणजे झालं. क्लायंटला सगळं खरं सांगितलं, लई हसला. आता उद्याच्या कॉलला आल्मोसु-बिल्मोसु काय नाही, आकड्यात टाईम लिहून घेतलाय.