शक्ती स्वीकारणारी नायिका दोन मिनिटांत कशी दाखवावी? सल्ला हवा

रेघोट्या:
परीकथेवर २ मिनिटांची टूडी फिल्म, संवाद अजिबात नाहीत. नायिकेच्या बोटांतून वेली फुटतात म्हणून ती हात लपवत फिरते आणि शेवटी ती शक्ती आपलीशी करते. शेवटाला लख्ख प्रकाश आणि तिच्याभोवती गोल फिरणारा कॅमेरा, याच्यापुढे काही सुचत नाहीये.

शाईदौत:
प्रकाशाचं नंतर बघा, बदल आधी हातांत दिसला पाहिजे. सुरुवातीला मुठी आवळलेल्या, कोपरं अंगाला चिकटलेली. शक्ती निसटते तेव्हा आधी वेल फुटते, मग ती दचकते. स्वीकारल्यावर क्रम उलटा करा: आधी श्वास, मग मनगट वळतं, बोटं उघडतात, ८ फ्रेम सगळं थांबतं आणि मग वेल. ताबा कुणाकडे आहे, हे या क्रमावरूनच कळतं.

'फ्रोझन'मधले (२०१३) बर्फाची शक्ती लपवणाऱ्या एल्साचे हातमोजे पुन्हा नीट बघा. एक मोजा बहिणीच्या ओढाताणीत निघतो, दुसरा एल्सा स्वतः वाऱ्यावर सोडते. तरी तो अर्धाच स्वीकार आहे, कारण तेव्हा ती डोंगरावर एकटी असते. माणसांमध्ये परतून शक्ती वापरता येणं, हा खरा शेवट.

रेघोट्या:
म्हणजे दोन टप्पे?

शाईदौत:
हो. साधारण १:१० ला एकटी असताना, १:४० ला कुणासमोर तरी. एकाच शॉटमध्ये उरकलंत तर जादूनेच तिला बदललं असं वाटेल.

कोराकागद:
गोल फिरणारा कॅमेरा टाळाच. टूडीत प्रत्येक कोन नव्याने काढावा लागतो. सेकंदाला २४ फ्रेमच्या हिशेबाने २ मिनिटं म्हणजे २८८० फ्रेम, टूजवर (एक चित्र दोन फ्रेम धरून) काढलंत तरी १४४० चित्रं, आणि वेली त्याहून वेगळ्या.

वेली स्वतंत्र लेयरवर ठेवा. पूर्ण वाढलेली वेल आधी काढा, टोकाकडून थोडी थोडी पुसत मागे या, मग फ्रेम उलट क्रमाने लावा. आकार हलत नाही. एकसारख्या वेगाने वाढवली तर पाइप सरकल्यासारखी दिसते. टोक झपकन पुढे जाऊन मंदावू द्या, पानं त्यामागून ३-४ फ्रेमनी उघडू द्या. भीतीच्या प्रसंगात हीच वेल तुटक, टोकदार काढा. रंग मात्र दोन्हीकडे तोच ठेवा, नाहीतर शक्तीच बदलली असा अर्थ निघेल.

आणि अ‍ॅनिमॅटिक (स्टोरीबोर्डची चित्रं वेळेनुसार जोडलेला कच्चा व्हिडिओ) आवाजाशिवाय एकदा बघा. चेहरा झाकूनही नुसत्या हातांवरून गोष्ट कळत नसेल, तर स्टोरीबोर्डवर परत जा.