मदत हवी आहे: स्वतःच्याच दृश्यांवर लोकांना बोलतं कसं करायचं?

नमस्कार मंडळी. फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रूश यांचा १९५८चा ‘म्वा, अं न्वार’ (‘मी, एक काळा माणूस’) हा चित्रपट डोक्यातून जातच नाहीये. आयव्हरी कोस्टमधल्या आबिजान शहराच्या त्रेशव्हिल वस्तीत पोटासाठी आलेली नायजरची तरुण पोरं त्यात स्वतःचंच जगणं कॅमेऱ्यापुढे वठवतात. चित्रीकरणावेळी संवाद मुद्रित झाले नव्हते. नंतर दृश्यं बघत त्या पोरांपैकीच एक, उमारू गांदा, मनाला येईल तसं बोलत गेला. गोदीतला हा हमाल पुढे स्वतः दिग्दर्शक झाला!

आम्हाला ऊसतोड कामगारांबरोबर असंच करायचंय. चाचणीत एक मावशी स्वतःला कोयता चालवताना बघून एकदम गप्पच झाल्या. कुणी असं काम केलंय का? दृश्यं एकेकट्याला दाखवावीत की अख्ख्या टोळीला? आणि सहलेखक म्हणून श्रेय, मानधन, नको ते दृश्य काढून टाकायचा हक्क हे सगळं आधीच कागदावर कसं आणता?