अनुभव धागा: वस्तीतलं गाणं आणि वस्तीचं काम

2019 ला 'गल्ली बॉय' सिनेमा आला तेव्हा सगळ्यांना गल्लीतला रॅप दिसला, पण धारावीतली पोरं त्याच्या कितीतरी आधीपासून बीटबॉक्सिंग करत होती, आणि त्याच्याही आधी आंबेडकरी शाहीर वामनदादा कर्डकांची गाणी याच वस्त्यांमध्ये रात्र रात्र चालायची. मला ही सगळी एकाच घरातली माणसं वाटतात. तुमच्या वस्तीत गाण्यातून काही काम उभं राहिलं असेल तर इथे लिहा, जसं सुचेल तसं.

माझ्यापासून सुरुवात करतो. आम्ही चौघं, एक तमिळ, एक यूपीचा, दोघं मराठी. धारावीतल्या भंगाराच्या 13 कंपाउंडमधून फुटका निळा पिंप आणला होता, तोच आमचा ड्रम, आणि रात्री मशिनी बंद झाल्या की प्रॅक्टिस. पहिलं गाणं पाण्यावर, कारण आमच्याकडे पहाटे चारला पाणी यायचं आणि वीस मिनिटांत जायचं. रांगेतल्या बायकाच मग सांगायला लागल्या, अरे हे पण टाक, ते पण टाक. एक मावशी म्हणाली, हंडा अर्धा भरला की नळ सुसू करतो तो आवाज घे ना गाण्यात. घेतला. पुढे त्याच बायकांनी सह्या गोळा केल्या, अर्ज केला, दीड वर्ष हेलपाटे घातले तेव्हा कुठे दुसरी लाईन आली.

घाटकोपरकर:
मी रमाबाई नगरजवळ वाढलो. 11 जुलै 1997, बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली म्हणून लोक रस्त्यावर आले आणि गोळीबारात 10 जण गेले. मी बारा वर्षांचा होतो. त्यानंतर चारच दिवसांत शाहीर विलास घोगरे पण गेले. माझे वडील डफ वाजवायचे, कितीतरी दिवस त्यांनी तो खुंटीवरून काढलाच नाही. मग एका संध्याकाळी काढला, पावसात कातडं सादळून ढिलं पडलेलं, तर स्टोव्ह पेटवला आणि हळूहळू फिरवत शेकला, मधेमधे बोटाने टिचकी मारून कान लावून ऐकायचे. सूर चढला तसे उठून बाहेर गेले. त्या रात्री आमच्या गल्लीत पहिल्यांदा लोक एकत्र बसले, नुसते रडायला नाही, कोर्टकचेरीचं काय, जखमींच्या घरी किराणा कोण देणार हे ठरवायला. आता माझा मुलगा रॅप करतो. डफाचा आवाज रेकॉर्ड करून बीटमध्ये टाकलाय त्याने.

मरोळची:
आरेबद्दल कोणीतरी लिहायलाच हवं. स्वदेसी या रॅप ग्रुपच्या पोरांनी आरेतल्या केल्टीपाड्याच्या प्रकाश भोईरांसोबत 'द वारली रिव्होल्ट' हे गाणं केलं 2019 मध्ये, ते ऐकून मी पहिल्यांदा पाड्यावर गेले, तोवर आरे म्हणजे माझ्यासाठी फक्त दूध आणि हिरवळ. त्याच वर्षी 4 ऑक्टोबरच्या रात्री फोन आला की मेट्रो कारशेडसाठी झाडं कापायला लागलेत. आम्हाला अडवलं, आतून करवतींचा आवाज येत होता, आमच्यातल्या एकाने मोबाईलवर ते गाणं लावलं आणि कोणीच काही बोललं नाही. 7 तारखेला सुप्रीम कोर्टाने थांबवेपर्यंत 2,141 झाडं गेली होती. स्वदेसीचा एमसी तोडफोड 2022 मध्ये गेला, फक्त 24 वर्षांचा. फार वाईट वाटलं, अजून वाटतं.

चेंबूरहून:
दादा, मी मुलगी आहे, आमच्याकडे सातनंतर बाहेर थांबू देत नाहीत म्हणून मी मोरीत दार लावून लिहायचे. आई तीन घरी भांडी घासते, तिच्यावरच लिहिलं, तिला लिफ्टने जाऊ देत नाहीत ते. तिला ऐकवलं तर हातातली कणीक तशीच ठेवून बसली, म्हणाली तो जिन्याचा भाग परत म्हण. आता रविवारी दुपारी चार ते सहा समाजमंदिरात आम्ही नऊ मुली बसतो, आधी दहावीवाल्यांचं गणित, मग रॅप. एक स्पीकर पाहिजे, जुना चालेल.

धागाकर्ता:
ताई, आमच्याकडे आहे, एक बाजू वाजत नाही. दुरुस्त करून या रविवारी घेऊन येतो. पत्ता मेसेज कर.