कॉलिन वेलंड : आधी नट की लेखक?

प्रश्न : १९२४ च्या ऑलिंपिकमधील ब्रिटिश धावपटूंवरील ‘चॅरियट्स ऑफ फायर’ या चित्रपटाच्या पटकथेसाठी १९८२ मध्ये ऑस्कर मिळवणारे ब्रिटिश नट-लेखक वेलंड यांचा अभिनय पाहायचा असेल, तर सुरुवात कोठून करावी?

प्रतिसाद १ : ‘केस’ या चित्रपटापासून (१९६९). ससाण्याला कसे शिकवले हे त्यातला शाळकरी मुलगा बिली वर्गात सांगू लागतो, तेव्हा शिक्षकाच्या भूमिकेतील वेलंड मधूनमधून प्रश्न विचारत मन लावून ऐकत राहतात; ते स्वतः चित्रकलेचे शिक्षक होते, म्हणूनच ते ऐकणे मला इतके खरे वाटते. या भूमिकेला बाफ्टा हा ब्रिटिश चित्रपट-पुरस्कार मिळाला.

प्रतिसाद २ : त्याआधी ‘झेड-कार्स’ मालिकेतील पोलीस शिपाई म्हणून ते घरोघरी पोहोचले होते. मात्र लेखक म्हणून त्यांची चिकाटी विलक्षण होती : ‘चॅरियट्स ऑफ फायर’साठी १९२४ च्या ऑलिंपिकच्या आठवणी त्यांनी वृत्तपत्रांत जाहिराती देऊन मागवल्या, आणि त्या ऑलिंपिकमधील धावपटू ऑब्री माँटेग्यू यांनी स्वतःच्या आईला लिहिलेल्या पत्रांच्या प्रती माँटेग्यू यांच्या मुलाने त्यांना पाठवल्या.

प्रश्नकर्ता : मनःपूर्वक आभार. ‘केस’ आजच पाहतो.