बांधाच्या भांडणात दंड भरला, म्हणून सरकारी नोकरी कायमची गेली?

गोदाकाठचा, परभणी
आमच्याकडं बांधाचं भांडण गावोगावी आहे. फिर्याद देताना भावकीतल्या सगळ्यांची नावं घालतात, पोलीस, तलाठी अशा भरतीची तयारी करणाऱ्या पोराचं तर हमखास. वकील सांगतो, कबूल हो, दंड भर, मोकळा हो. पण ती दोषसिद्धीच असते, आणि निवड झाल्यावर चारित्र्य पडताळणीत निघते. दोन वर्षं किंवा जास्त शिक्षा झालेला पुढारी सुटकेनंतर सहा वर्षांनी पुन्हा निवडणूक लढवू शकतो. दंड भरलेल्या पोराला अशी मुदतच नाही. ती ठरवलीच पाहिजे.

माजी हवालदार, बीड
दादा, पुढाऱ्याला सवलत आहे म्हणून पोलिसालाही द्या, हे पटत नाही. पुढाऱ्याचीच काढा. ज्यानं शेजाऱ्याचं डोकं फोडलं, त्याच्याकडंच उद्या त्या शेजाऱ्यानं फिर्याद घेऊन जायचं का? सेवेतल्या माणसाला शिक्षा झाली तर राज्यघटनेच्या कलम ३११ नुसार खातेनिहाय चौकशीशिवाय बडतर्फ करता येतं. मग आत येणाऱ्याला सूट कशासाठी?

अभ्यासिकेतली ताई, लातूर
काका, सरसकट बंदी नाहीच. सर्वोच्च न्यायालयाचा २०१६ चा अवतार सिंग निकाल वाचा. कोवळ्या वयात घोषणा दिल्या, अशा किरकोळ प्रकरणातली शिक्षा लपवली असेल, तरी ती चूक माफ करायची मुभा नोकरी देणाऱ्याला आहे. गुन्हा किरकोळ नसेल तर निवड रद्द होऊ शकते. आणि सगळं खरं लिहिलं तरी नेमणूक दिलीच पाहिजे असं नाही, पूर्वेतिहास तपासायचा अधिकार त्यांना राहतो. मला राग येतो तो इथं. किरकोळ कशाला म्हणायचं याची पक्की यादी त्या निकालात नाही. वर्षानुवर्षं मेसचं खाऊन अभ्यास केलेल्या पोराचं भवितव्य एका टेबलावरच्या मतावर लटकतं.

गोदाकाठचा, परभणी
ताई, माझी मागणी तीच आहे. शासनानं यादी करावी. साधी मारहाण, शिवीगाळ, आंदोलनात जमावबंदी मोडणं, एवढंच त्यात घ्या. लाच, बाईमाणसावरचा अत्याचार, चोरी यांना माझीही माफी नाही.

माजी हवालदार, बीड
तलाठी, लिपिक यांच्यासाठी यादी करा, मी सही करतो. पोलीस भरतीत मारहाण माफ करायला मात्र माझा विरोध राहील. आणि पोरांनो, उठसूट गुन्हा कबूल करू नका. साधी मारहाण तडजोडीत मिटते, आणि तशी मिटली की कायद्यानं आरोपी निर्दोष सुटतो.

अभ्यासिकेतली ताई, लातूर
समोरचा तडजोडीला तयार नसेल तर? शिक्षा होणारच असं दिसलं, तर वकिलाला १९५८ च्या परिविक्षा कायद्याखाली, म्हणजे शिक्षेऐवजी चांगल्या वागणुकीच्या हमीवर किंवा समज देऊन सोडायच्या कायद्याखाली, सुटका मागायला सांगा. त्याच्या कलम १२ नुसार दोषसिद्धीमुळं येणारी अपात्रता लागत नाही. साक्षांकन नमुन्यात, म्हणजे चारित्र्य पडताळणीसाठी भरायच्या अर्जात मात्र प्रकरण लिहायचंच, निकालाची प्रत जोडून.